पाणमांजराखालचा दगड

दादाने दलदलीत टिपलेलं पाणमांजर पडद्यावर आलं आणि एडिटिंग रूममधले सगळे वाहवा करू लागले. माझ्या मनात मात्र शंकेची पाल चुकचुकली. ते दगडावर बसलं होतं. या माहितीपटाची लेखिका मी. दलदलीचा इतिहास, नकाशे, जुनी वर्णनं सगळं उपसून बसलेली. तिथे नुसता काळा चिखल. दगड औषधालाही सापडायचा नाही.

"दादा, हे नक्की तिथलंच?"

"मग काय तुझ्या सासरचं?" तो म्हणाला, पण माझ्याकडे न बघता.

आमचा कॅमेरामन माझा सख्खा भाऊ. काही लपवायचं असलं की त्याला हमखास विनोद सुचतो. कुठेतरी पाणी मुरत होतं. ही फिल्म समितीपुढे दाखवायची होती; दलदल राखायची की बुजवायची, ते तिथे ठरणार होतं. पाणमांजर प्राणिसंग्रहालयातलं निघालं असतं तर आमच्या एकाही शब्दावर कुणी विश्वास ठेवला नसता.

मी बाकीचे शॉट मागितले. "कार्डावरून उडाले," म्हणाला आणि कॅमेऱ्याची बॅग मांडीवर घेऊन बसला. माझं डोकंच फिरलं. मी सरळ वहिनीला फोन लावला. हा गेला होता तरी कुठे?

"दलदलीतच की! ते घाणेरडे बूट मीच धुतले ना."

माझा तिच्यावरही विश्वास बसेना. नवऱ्याचीच बाजू घेणार ती. दुसऱ्या दिवशी सकाळी कुणाला न सांगता मी स्वतःच गेले.

दगड होता. एक कसला, ढीगच होता. फुटक्या भिंती, फरश्या, सिमेंटचे तुकडे. समितीचा निर्णय व्हायच्या आधीच कुणीतरी भराव टाकायला सुरुवात केली होती.

मी दादाला फोन लावला आणि ओरडलेच. "हे लपवलंस? अरे, हाच तर आपला पुरावा होता!"

तो हळूच म्हणाला, "आधी तू लिहितेस, मग मी शूट करतो. तू लिहिलं होतंस, 'माणसाचा हात न लागलेली दलदल'. ढीग दिसला असता तर तू खोटी पडली असतीस. म्हणून फ्रेम आवळली. बाकीचे शॉट पुसले."

मला लाज वाटली. कालपासून मी त्याच्यावर डोळा ठेवून होते, स्वतःच्या वाक्यावर एकदाही नाही.

"आत्ताच्या आत्ता ये," मी म्हटलं. "सगळं कॅमेऱ्यात घे. ते वाक्य मी खोडते."

"पाणमांजर आहे का तिथे?"

पाणमांजर बसलं होतं त्या जागेवर एक ट्रक रिकामा होत होता.