हिरवी चौकट

"काळी नको, मास्तर. काळ्या चौकटीत आई कशी घालू?"

नाझिफ काउंटरवर दोन्ही तळवे टेकून उभा होता. स्पासे छपाईच्या खिळ्यांच्या पेटीवर वाकलेला. त्याने मान वर केली नाही.

"हिरवी शाई संपलीय," तो म्हणाला.

शाई संपली नव्हती. मागच्या कपाटात, रद्दीच्या गठ्ठ्यामागे हिरव्या शाईचा डबा होता. चार दिवसांपूर्वी छापखान्याचा मालक ल्युपचो, म्हणजे स्पासेचा मेहुणा, तो तिथे सरकवताना म्हणाला होता, "डोंगरावरची लढाई संपेपर्यंत आपल्या दारातून हिरवं काही बाहेर पडायचं नाही. काचा फोडतील लोक. तुझं काय जातं, दुकान माझं आहे."

एकतीस वर्षं स्पासे गावातल्या मेलेल्यांची पत्रकं छापत होता. ख्रिस्ती माणूस गेला की काळी चौकट आणि वर क्रूस. मुसलमान गेला की हिरवी चौकट आणि चंद्रकोर. मधे फोटो, खाली नाव, दफनाची वेळ. आणि एकतीस वर्षं ती पत्रकं नाझिफ चिकटवत होता : मृताच्या फाटकावर, बस थांब्यावर, बाजारातल्या चिनारावर. चिकटवलेलं पत्रक कुणी हाताने काढत नसे. ते पावसानेच काढायचं.

गेल्या चार दिवसांत स्पासेने तीन सैनिकांची पत्रकं छापली होती. तिघेही विशीतले. तीही नाझिफनेच चिकटवली. चिनाराखाली एक बाई त्याच्या तोंडावर थुंकली, तेव्हा त्याने बाहीने तोंड पुसलं आणि कागदाचा उरलेला कोपरा नीट दाबून बसवला.

आज पहाटे वरच्या ब्रेझा गावात, तळघरात, नाझिफची आई गेली. गोळा लागून नव्हे. ब्याऐंशी वर्षांची होती. आवाज सोसले नाहीत. ब्रेझात मुसलमान बंडखोर शिरले होते आणि खालून सरकारी तोफा चालल्या होत्या. मामेभावाने फोनवर सांगितलं, चार वाजता पुरतो, त्याआधी ये. रस्त्यावर सैन्याची चौकी होती. मयताला जाणाऱ्याला सोडत, पण नुसत्या शब्दावर नाही. छापील पत्रक दाखवावं लागे.

"मास्तर, काहीतरी कर की. थोडी तरी असेल डब्याच्या बुडाशी."

"नाही म्हटलं ना." स्पासेचा आवाज उगीचच चढला. "काळ्यात छापतो. क्रूस घालत नाही. वाचणाऱ्याला नाव दिसतंय की."

नाझिफने काउंटरवरचे तळवे उचलले. मग म्हणाला, "तू म्हणतोस तर तसं."

तेच स्पासेला लागलं. भांडला असता तर बरं झालं असतं.

अकराच्या सुमारास नाझिफ ओलं पत्रक छातीशी धरून निघाला. काखेत कफनाच्या कापडाचं गाठोडं होतं.

दीडच्या सुमारास पाववाली दोस्ता दारात आली. चौकीवरच्या पोरांना पाव पोचवून ती परतली होती. "तुझा नाझिफ बसलाय तिथं रस्त्याखालच्या मोरीच्या कठड्यावर," ती म्हणाली. "सोडलं नाही त्याला. कागद खोटा म्हणाले. हाय्रिये हे मुसलमान बाईचं नाव आणि काळी चौकट? पोरं हसली त्याला. म्हणाली, चोरी करायची तर नीट तरी करायची! अरे, एकतीस वर्षं झाली तुला, एवढं कळू नये?"

ती गेल्यावर त्याने रद्दीचा गठ्ठा बाजूला ओढला. यंत्राचा शाईचा रूळ पुसून घेतला. डब्यातल्या शाईवरची साय चाकूने कापताना बोटं भरली. ल्युपचो आतून बाहेर आला, रुळावरचा हिरवा रंग पाहून थबकला.

"स्पासे, काय चाललंय?"

"पाच प्रती काढतोय."

"मी काय सांगितलं होतं?"

"सांगितलं होतंस," स्पासे म्हणाला आणि यंत्राचा पायटा दाबला.

चौकी पाच किलोमीटरवर होती. गुडघा धरून, मधे दोनदा थांबून तो पोचला तेव्हा तीन वाजून गेले होते. डोंगराच्या कुशीत ब्रेझावर धूर बसला होता. दर थोड्या वेळाने खालची तोफ उडे, आणि आवाज जाऊन परत येईतो पॉपलरच्या झाडांची पानं हलत.

चौकीवरचा वांचो त्याच्या ओळखीचा निघाला. त्याच्या आजोबाचं पत्रक स्पासेनेच छापलं होतं. पोराने हिरवं पत्रक दोन्ही हातांत धरून वाचलं, अगदी खालच्या ओळीपर्यंत.

"काका, हे बाराला दाखवलं असतं तर सोडलं असतं मी. एक वाजेपर्यंत रस्ता चालू होता." त्याने कागद परत दिला. "आता कागद खरा आहे, पण रस्ता राहिला नाही."

"पोरा, तासभर तोफ थांबवली तर..."

"काका, वर आमचीही माणसं आहेत."

नाझिफ कठड्यावर गाठोडं मांडीवर घेऊन बसला होता. स्पासे त्याच्या शेजारी बसला.

"शाई होती, नाझिफ. कपाटात होती."

"माहीत होतं मला," नाझिफ म्हणाला. "डब्याचं झाकण दिसत होतं गठ्ठ्यामागनं."

पुन्हा तोफ उडाली. नाझिफने पत्रक हातात घेतलं. आईचा फोटो तिच्या जुन्या ओळखपत्रावरून कापलेला, रुमाल कपाळापर्यंत ओढलेला. त्याने अंगठा चौकटीवरून फिरवला. शाई अजून सुटत होती.

"खळ आणलीस?"

स्पासेने कोटाच्या खिशातून बाटली काढली. सवयीने आणली होती. का, ते वाटेत त्याला स्वतःलाही कळलं नव्हतं.

नाझिफने चौकीजवळच्या पॉपलरच्या बुंध्याला हाताने खळ फासली आणि पत्रक लावलं. मधून कडेकडे, एकही सुरकुती न ठेवता. सैनिक बघत होते. एकजण पुढे येऊ लागला, तेव्हा वांचोने त्याला नुसतंच मानेने थांबवलं.

पत्रकावर दफनाची वेळ चार होती. चारला पाच मिनिटं कमी असताना नाझिफ डोंगराकडे तोंड करून उभा राहिला. स्पासेने टोपी काढली. वर कुणी खड्डा खणला होता की नाही, कुणास ठाऊक. वांचोने घड्याळ पाहिलं आणि वायरलेसचा आवाज बारीक केला. तोफ मात्र थांबली नाही.

नाझिफने दुआ मागायला दोन्ही तळवे वर उघडले. आपल्या हातांचं काय करायचं, स्पासेला कळेना. छातीवर क्रूसाची खूण करावी असं बोटांना वाटलं, ती अर्ध्यातच थांबली. मग त्यानेही हळूच तळवे उघडले. नखांच्या कडांना हिरवी शाई होती.