सुंदराबाईंसाठी गव्हाची धिरडी

रत्नप्रभाबाईंची पणजी द्वारकाबाई देवगडच्या खाडीकाठी चुलीसमोर बसून तांदळाची घावने घालीत असे. तिची लेक चंपा लग्न होऊन कणकवलीस गेली, ती आईचा बिडाचा तवा घेऊन. चंपाची लेक वसुधा तोच तवा गाठोड्यात बांधून बोटीने मुंबईस आली आणि परळच्या एका खोलीत तिने गिरणीचा भोंगा होण्याआधी नवऱ्यापुढे गरम घावन वाढले. तिघींच्याही घावनाला जाळी पडत असे, कडा आपण होऊन तवा सोडीत असत, आणि घावन फसल्याची एकही आठवण त्या घराण्यात नव्हती. अशा वंशात जन्मलेल्या रत्नप्रभाबाई वयाच्या चौऱ्याहत्तराव्या वर्षी, घाटकोपरच्या पंतनगरात, अकराव्या मजल्यावरच्या स्वतःच्या स्वयंपाकघरात, गव्हाच्या एका धिरड्याकडून हरल्या. एकदा नव्हे, लागोपाठ तीन दिवस.

सुरुवात लिफ्टमध्ये झाली. सहाव्या मजल्यावरच्या सुंदराबाईंची सून प्रियंका भाजीची पिशवी सावरीत आत आली आणि कोणी विचारण्याआधीच बोलू लागली.

"काकू, आमच्या आई काही खातच नाहीत हो. दात सगळे काढले, हिरड्या भरून कवळी बसायला दीड महिना. शुगर म्हणून डॉक्टरांनी भात बंद केला, मैदा बंद केला. लापशी केली, ओट्स केले. तोंड फिरवतात. एकच घोषा, गव्हाचं धिरडं कर, मऊ कर. माझं होतं चामड्यासारखं. मला सकाळी साडेसातला निघायचं असतं. वाट लागलीय नुसती. चार किलो उतरल्यात त्या."

"तू निमूट तुझ्या बँकेत जात जा," रत्नप्रभाबाई म्हणाल्या. "उद्यापासून सकाळची धिरडी माझ्याकडून येतील."

"तुम्हाला येतात, काकू?"

या प्रश्नाला उत्तर देण्याची रत्नप्रभाबाईंना गरज वाटली नाही. सहावा मजला आला, प्रियंका उतरली.

गरज वाटली नाही हे खरे, पण धिरडी करण्याची गरज मात्र त्यांना फार जुनी होती. अठ्ठ्याहत्तर साली विद्याधरच्या बाळंतपणानंतर त्यांना कावीळ झाली होती. अन्नाचा वास सोसेना, तेलतूप वर्ज्य, भात पोटात ठरेना. आई वसुधाबाई तोवर हयात नव्हत्या. त्या वेळी या जागेवर जुनी चार मजली इमारत होती आणि समोरच्या दारात जालन्याकडून नुकतेच आलेले बिऱ्हाड होते. त्या दारातून सुंदराबाई रोज सकाळी दोन धिरडी घेऊन येऊ लागल्या. गव्हाची, बिनतेलाची, जिभेने दाबली तरी विरावीत अशी. चाळीस दिवस त्या आल्या, आणि त्या अन्नावर रत्नप्रभाबाई अंथरुणातून उठल्या.

परंतु त्या चाळीस दिवसांत रत्नप्रभाबाईंच्या सासूबाईंनी सुंदराबाईंना एकदाही उंबरा ओलांडू दिला नाही. सुंदराबाई बौद्ध होत्या, एवढेच कारण. धिरडी दारातच आपल्या ताटलीत उतरवून घेतली जात, आणि सुंदराबाई वळल्या की उंबऱ्यावर पाणी शिंपडले जाई. आतल्या खाटेवर रत्नप्रभाबाई जाग्या असत. त्यांना तो पाण्याचा आवाज ऐकू येई. त्या एक अक्षर बोलल्या नाहीत. धिरडी मात्र खाल्ली.

पुढे सासूबाई गेल्या, इमारत गेली, दिवाळीच्या फराळाची ताटे दोन्ही घरांतून जाऊ-येऊ लागली. दोघी एकमेकींना अगंतुगं करू लागल्या. पण फराळाच्या बदल्यात फराळ, यात काही फिटत नाही. त्या चाळीस सकाळी तशाच राहिल्या होत्या, आणि कोणाचे काही अंगावर ठेवण्याचा रत्नप्रभाबाईंचा स्वभाव नव्हता.

पहिल्या दिवशी त्यांनी गिरणीतून कोंड्यासकट दळून आणलेले पीठ घेतले, ताकासारखे पातळ कालवले, मीठ घातले आणि लगेच तवा चढवला. तांदळाचे पीठ तळाशी बसते, म्हणून दर घावनाआधी पळी तळापासून गरगर फिरवायची, हे वसुधाबाईंनी त्यांच्या हाताला आठव्या वर्षी शिकवले होते. हात ते विसरला नव्हता. पहिले धिरडे तव्याला चिकटले. दुसरे उलथताना फाटले. पीठ पळीवरून तारेसारखे लोंबू लागले, तशी रत्नप्रभाबाईंनी पळी अधिक जोरात फिरवली. तिसरे अखंड निघाले, तेच घेऊन त्या खाली गेल्या.

सुंदराबाईंनी ते दोन्ही हातांनी धरून ओढले. ते ताणले गेले, तुटले नाही.

"रत्ना, हे चपलेला तळ म्हणून लाव. पावसाळा निघंल आरामात."

"तवा नीट तापला नव्हता."

"तवा तुझ्या पणजीचा ना गं? त्याला बिचारीला कशाला बोल लावतीस? सांगू का, काय होतंय ते?"

"सांगू नकोस. उद्या बघ."

दुसऱ्या दिवशी त्यांनी पीठ बारीक चाळणीने चाळले. दोष कोंड्याचा, असा त्यांचा निकाल होता. सून मानसी डबा भरता भरता थांबली.

"आई, डॉक्टरांनी सांगितलंय ना, कोंड्यासकट? चाळून टाकला तर मग उरलं काय?"

"तू डबा भर."

"भरते. पण मग त्यांना मैदाच का देत नाही सरळ?"

चाळलेल्या पिठाची धिरडी अधिकच चिवट निघाली. रत्नप्रभाबाईंनी पाच घातली, पाचही केराच्या टोपलीत टाकली, आणि सुंदराबाईंकडे त्या दिवशी वाटीभर मुगाचे कढण गेले. "तवा आजही रुसलाय का?" असा निरोप रिकाम्या वाटीबरोबर वर आला.

तिसऱ्या सकाळी मानसीने मोबाइल ओट्यावर उभा केला. त्यात एक गोरी मुलगी हसत हसत तवा हलवीत होती.

"हे बघा, आई. होल व्हीट क्रेप. अगदी पौष्टिक. परदेशात घरोघरी करतात. अंडं, दूध आणि पीठ, मिक्सरला लावायचं, झालं."

"धिरड्याला परदेशी नाव दिलं की ते पौष्टिक होतं का गं?"

"नाव सोडा. तिचं बघा कसं सुटतंय. आणि तुमचं?"

एरवी असे बोलणे त्या घरात खपले नसते. पण रत्नप्रभाबाई मनातून थकल्या होत्या. इतकी वर्षे ज्या घरात त्यांचा शब्द चालला, तिथे चार चमचे पीठ त्यांचे ऐकत नव्हते. त्यांनी अंडे फोडले, दूध ओतले आणि मिक्सर लावला. गुठळी राहू नये म्हणून पुन्हा लावला, आणि मनाची खात्री होईना म्हणून तिसऱ्यांदा. फेस आलेले पीठ त्यांनी तव्यावर ओतले, दर वेळी तळापासून ढवळून ओतले. जे निघाले ते दिसायला मोबाइलमधल्यासारखे होते. हातात घेतले तर मेणकापड.

तरीही त्या ते घेऊन गेल्या. विनोद ऐकायची त्यांनी तयारी ठेवली होती. सुंदराबाईंनी या वेळी विनोद केला नाही. एक तुकडा तोंडात घेतला, बराच वेळ इकडून तिकडे फिरवला आणि पदराआड हळूच काढून ठेवला.

"राहू दे गं. मी चहा पिते."

त्यांनी कप उचलला तेव्हा मनगटातली बांगडी घसरून कोपरापाशी गेली.

रत्नप्रभाबाई वर आल्या त्या संतापाने लाल होऊन. त्यांनी मिक्सरचे भांडे नळाखाली आपटले. मानसीला मोबाइलवरून बोलल्या, विद्याधरला ओला टॉवेल पलंगावर टाकल्यावरून बोलल्या, गिरणीवाल्याला फोन करून त्याच्या गिरणीचे दगड बोथट झाले असल्याचे सुनावले. गिरणीवाला म्हणाला, "मावशी, दगडांना कालच टाकी लावून घेतलीय." त्यावर त्यांनी फोन ठेवला आणि खुर्चीवर बसल्या. दोष द्यायला आता कोणी उरले नव्हते. तिकडे सहाव्या मजल्यावर एक बाई त्यांच्या मानापायी तीन दिवस अर्धपोटी राहिली होती. विचारले असते तर पहिल्याच दिवशी जेवली असती.

संध्याकाळी त्या पुन्हा खाली गेल्या. दार प्रियंकाने उघडले. सुंदराबाई दिवाणावर पाय पसरून बसल्या होत्या.

"मला येत नाही," रत्नप्रभाबाई उभ्याउभ्याच म्हणाल्या.

"काय म्हनलीस? मोठ्यानं बोल. कान गेलेत माझे."

"तुझे कान शाबूत आहेत."

"आहेत. तरी बोल."

"गव्हाचं धिरडं मला येत नाही. उद्या वर येऊन शिकव."

सुंदराबाई दात नसलेल्या तोंडाने मनसोक्त हसल्या. प्रियंकाने आयुष्यात प्रथमच या दोघींपैकी एकीला हार मानताना पाहिले, आणि शहाणपणाने ती आत निघून गेली.

दुसरा दिवस रविवार होता. प्रियंकाने सासूबाईंना हात धरून अकराव्या मजल्यावर आणले. रत्नप्रभाबाईंनी खुर्ची ओट्याजवळ, आपल्या उजव्या हाताशी मांडली. सुंदराबाईंच्या सांगण्यावरून पीठ आठ वाजताच भिजले होते. कोंड्यासकट, थोड्या पाण्यात, हलक्या हाताने, गुठळ्या तशाच ठेवून. ते तासभर झाकून ठेवले होते. गुठळ्या आपोआप विरल्या होत्या. रत्नप्रभाबाईंनी त्यात पाणी वाढवले, तवा कांद्याने पुसला, आणि सवयीने पळी तळापासून फिरवू लागल्या. सुंदराबाईंनी त्यांचे मनगट धरले.

"हे. हेच. कशाला ढवळतीस?"

"तळाला बसतं म्हणून."

"तांदूळ बसतो, माय. गव्हाला जितकं छेडशील तितका तो चिवट व्हतो. भिजवायचा आन् सोडून द्यायचा. तू त्याच्याशी तीन दिस भांडत होतीस."

रत्नप्रभाबाईंनी पळी वरच्यावर बुडवली. हात पुन्हा पुन्हा तळाकडे वळू पाहत होता; त्यांनी दात आवळून तो रोखला. पीठ तव्यावर कडेकडून आत ओतले, झाकण ठेवले. झाकण काढले तेव्हा जाळी पडली होती. कडा सुटल्या. उलथण्यावर धिरडे मऊ कापडासारखे दुमडले.

मानसी आणि विद्याधर दारात येऊन उभे राहिले होते. विद्याधरने सवयीने ताटली पुढे केली.

"थांब," रत्नप्रभाबाई म्हणाल्या. "आधी ती." त्यांनी धिरडे सुंदराबाईंच्या ताटलीत वाढले, पण ताटली लगेच हातात दिली नाही. "त्या वेळी मी जागी होते, सुंदराबाई. रोज."

सुंदराबाईंनी विचारले नाही, कोणत्या वेळी.

"ठाऊक हाय मला. खोकायचीस ना आतून."

"सासूबाई ते पाणी शिंपडायच्या. मला ऐकू यायचं. मी बोलले नाही."

"नाही बोललीस."

"सासूबाईंची चूक होती, तशी माझीही होती. तुझंच अन्न खाऊन मी गप्प राहिले. हे यांच्यासमोर बोलतेय, कारण यांना कोणालाच ते ठाऊक नाही."

सुंदराबाईंनी तव्याकडे तोंड वळवले. डोळ्यांत पाणी आले होते की तव्याची वाफ गेली होती, ते रत्नप्रभाबाईंना कळले नाही.

"सत्तेचाळीस वर्षं लावलीस गं," त्या म्हणाल्या. "दे इकडं. गार व्हायलंय."

त्यांनी धिरडे खाल्ले. दुसरे खाल्ले. तिसरे गुळाच्या पाण्यात बुडवून खाण्याची त्यांची इच्छा होती. प्रियंकाने साखरेच्या आजाराची आठवण करून दिली, तेव्हा सुनांच्या नावाने बोटे मोडीत त्यांनी ते कोरडेच खाल्ले.

त्यानंतर रोज सकाळी सात वाजता रत्नप्रभाबाई झाकलेली ताटली घेऊन सहाव्या मजल्यावर उतरू लागल्या. पहिला आठवडाभर हात मधूनच तळाकडे जाई आणि दोनचार धिरडी वाया जात. ती विद्याधर चुपचाप खाई. नवी कवळी आली ती पस्तिसाव्या दिवशी. प्रियंका म्हणाली, काकू, आता त्या पोळी खातात, तुम्ही कशाला त्रास घेता. छत्तिसाव्या दिवशीही धिरडी आली.

चाळिसाव्या सकाळी सुंदराबाईंनी शेवटचा घास गिळला आणि ताटली बाजूला ठेवली.

"मोजत व्हतीस?"

"तू नव्हतीस मोजत?"

"मोजत व्हते." त्यांनी पदराला हात पुसले. "चाळीस झाले. फिटलं, रत्ना. पुरतं फिटलं. आता काही राहिलं नाही तुझ्याकडं."

रत्नप्रभाबाईंनी उष्टी ताटली उचलली आणि त्या सुंदराबाईंच्या मोरीकडे गेल्या.

"काकू, राहू द्या, मी धुते," प्रियंका घाईने पुढे झाली.

"सरक," रत्नप्रभाबाई म्हणाल्या, आणि त्यांनी नळ सोडला.