चिखलाच्या पाच फेऱ्या

“गेला!” ड्रायव्हर म्हणाला. “बाई, तुमचा दुसराही गेला. तिसरा आणताय, की सरळ शरण येताय?”

‘आणते’ हा शब्द टायपिस्टबाईंच्या तोंडात तयार होता. पण तो ओठांपर्यंत येईतो चहा निवला असता, म्हणून त्यांनी नुसतंच डाव्या अंगठ्याने बटण दाबलं. तिसरा प्राणी आला. पडद्यावर एक पांढरी रेघ सपकन ओढली गेली आणि तोही आडवा झाला.

“दीड मिनिट,” ड्रायव्हर भिंतीवरच्या घड्याळाकडे बघत म्हणाला. “कालच्यापेक्षा दहा सेकंद जास्त टिकलात. प्रगती आहे.”

बाईंनी हातातलं यंत्र मांडीवर ठेवलं. हरल्याचं वाईट वाटायला हवं होतं. ते कुठे आहे का, हे त्यांनी आत डोकावून पाहिलं. नव्हतं. गेले दोन महिने हे असंच चाललं होतं. उजवा हात आणि उजवा पाय बधिर झाला होता, ते डॉक्टरांनी सुई टोचून, कागदावर आकृती काढून नीट नोंदवलं होतं. बाकीचं बधिरपण नोंदवायला त्या आकृतीत जागा नव्हती.

बाई सव्वीस वर्षं कोर्टात टायपिस्ट होत्या. साहेब निकाल सांगायला लागले की त्यांचं वाक्य संपायच्या आत बाईंची बोटं थांबलेली असायची. एकदा एक साहेब गमतीने म्हणाले होते, “बाई, निकाल मी देतोय की तुम्ही?” त्या दिवशीही त्या असंच एक लांबलचक वाक्य टाईप करत होत्या. मधेच पडद्यावर एकच अक्षर उमटत राहिलं, ओळीच्या ओळी. बोट त्या कळीवर पडलं होतं आणि उचलत नव्हतं. दवाखान्यात शुद्धीवर आल्या तेव्हा उजवी बाजू गेली होती आणि बोलणं असं झालं होतं की एकेक शब्द विहिरीतून ओढून काढावा लागत होता.

खेळ आणला होता थेरपिस्टने. तळहाताएवढी दोन जुनी यंत्रं होती. “बोटांना व्यायाम,” ती म्हणाली होती. “दिवसातून दोन वेळा, समोरासमोर बसून. तोंडाने भांडायला पूर्ण मुभा.” मग तिने बाईंची चाकाची खुर्ची खिडकीपाशी नेली आणि समोर ड्रायव्हरची आणून लावली. ड्रायव्हर चाळिशीचा होता, रुग्णवाहिका चालवायचा. अपघातात त्याचा डावा पाय गुडघ्यापासून गेला होता आणि हाताची तीन बोटं नव्याने जोडली होती. तोंड मात्र शाबूत होतं.

खेळ साधा होता. प्रत्येकाकडे तीन प्राणी. समोरासमोर एकेक उभा करायचा. दोघांनी आपापली चाल गुपचूप निवडायची, मग ज्याचा वेग जास्त त्याची चाल आधी चालते. ही झाली एक फेरी. चाल निवडायला कितीही वेळ घ्या, यंत्र थांबतं. बाईंना तेवढंच बरं वाटायचं, म्हणजे बरं वाटायच्या जवळपासचं काहीतरी. दिवसभरात त्यांच्यासाठी थांबणारं दुसरं काही नव्हतं.

प्राण्यांची मूळ नावं कुणाच्या जिभेवर बसत नव्हती, म्हणून वॉर्डाने आपली ठेवली होती. ड्रायव्हरच्या मांजराचं नाव झपाट्या. अंगात जीव म्हणाल तर जेमतेम एका दणक्यापुरता, पण त्याच्याइतका वेग कुणालाच नव्हता. समोरच्याने हात उचलायच्या आत त्याचा वार झालेला असायचा, आणि एका वारात खेळ खलास. ड्रायव्हरने आपले बाकीचे दोन प्राणी कधी बाहेर काढलेच नव्हते. बाईंकडे ढिम्म नावाचा एक शेवाळलेला धोंडा होता. त्याचा दणका जबरदस्त होता म्हणे. पण तो बसलेला आजवर कुणी पाहिला नव्हता.

रविवारी धाकटी बहीण आली. ती लग्न करून दूरच्या उपनगरात राहायची, दोन बस बदलून यायची आणि येतानाच परतीची बस धरायच्या घाईत असायची.

“ताई, डॉक्टर काय म्हणाले?”

“डॉ... डॉक्टर...”

“सुधारणा आहे म्हणाले ना? मला वाटलंच. जेवण कसं आहे?”

“जे...”

“अळणी असेल. आता दोन महिने कळ काढ. मग तू आहेस आणि तुझं कोर्ट आहे. मी त्यांना सांगून ठेवलंय, खुर्ची भरू नका म्हणून.”

बहिणीचं प्रेम खरं होतं. ताईला त्रास नको म्हणून ती ताईची वाक्यं स्वतःच पुरी करत होती. बाई तिच्या हलणाऱ्या ओठांकडे बघत राहिल्या. साहेबांना आपलं टाईप करणं असंच वाटत असेल का, असा एक विचार आला आणि गेला.

सोमवारी सकाळी ड्रायव्हरला पट्टी बदलायला नेलं होतं, तेव्हा बाई एकट्याच यंत्र घेऊन बसल्या. त्यांनी प्रत्येक प्राण्याच्या प्रत्येक चालीखालची बारीक अक्षरं वाचली. वाचणं शाबूत होतं. सव्वीस वर्षं कलमं आणि पोटकलमं वाचल्यावर हे काहीच नव्हतं. झपाट्यापेक्षा वेगवान कुणीच नव्हता, तेव्हा तो मार्ग बंद. ‘टपली’ नावाची चाल वेग कितीही असो आधीच चालायची. पण टपलीने काय होणार? राहता राहिला चिखल्या. हा एक गलेलठ्ठ बेडूक, वॉर्डातली सर्वांत टाकाऊ चीज. त्याची एक चाल होती: मैदानात चिखल करायचा. पुढच्या पाच फेऱ्या सगळं उलटं. जो सर्वांत संथ, त्याची चाल आधी.

पण चिखल करायला चिखल्याने पहिली फेरी जगायला हवी. आणि झपाट्यापुढे तो कसला जगतो!

दोन दिवस बाई तिथेच अडल्या. तिघांत मिळून एक ढाल असायची. ती ज्याच्या पाठीवर, तो पहिल्या वाराने मरत नाही, जेमतेम धुगधुगी उरते; तेवढ्यात दणका मारता येत नाही, हलकी चाल मात्र करता येते. ती ढाल बाईंनी पहिल्या दिवसापासून ढिम्मला दिली होती. ताकदवान तोच, तेव्हा जपायचंही त्यालाच, यात विचार करण्यासारखं काही वाटलंच नव्हतं. बुधवारी दुपारी, पायाला मालीश चालू असताना, त्यांना ते दिसलं. ढाल बेडकाला द्यायची.

“काय झालं?” थेरपिस्टने विचारलं. “दुखलं का?”

बाईंनी मान हलवली. त्या पायाला दुखणार कुठून?

संध्याकाळी चारला दोन्ही खुर्च्या समोरासमोर लागल्या. बाईंनी बेडूक उभा केला, तसा ड्रायव्हर खो खो हसला.

“अहो, या बिचाऱ्याने तुमचं काय घोडं मारलंय?”

सपकन रेघ ओढली गेली. चिखल्या कोलमडला, पण पडला नाही. मग सावकाश त्याने गाल फुगवले आणि मैदान तपकिरी झालं.

“हे काय?” ड्रायव्हर म्हणाला. “असू दे.” पुढच्या फेरीत बेडकाने आधी एक टिचकी मारली आणि मग मांजराने त्याला संपवलं. बाईंनी ढिम्मला आणलं.

ड्रायव्हरने नेहमीसारखं क्षणात बटण दाबलं. बाईंनी वेळ घेतला. मग दाबलं. ढिम्म आधी हलला. तो हलतो कसा हेही कुणाला ठाऊक नव्हतं. तो पुढे कलंडला, एवढंच. झपाट्या त्याच्याखाली गेला आणि वर आला नाही.

ड्रायव्हरने दुसरा प्राणी काढला, कसलासा पक्षी. दोन दणक्यांत तो गेला, पण जाताना ढिम्मला अर्धा करून गेला. चिखलाची एक फेरी उरली होती. ड्रायव्हरने तिसरा काढला आणि विचार न करता वार निवडला. ढिम्म आधी कलंडला. खेळ संपला.

थेरपिस्टने लांबूनच टाळ्या वाजवल्या. बाईंनी पुन्हा आत डोकावून पाहिलं. आनंदही नव्हता. गणित सुटलं होतं, एवढंच.

ड्रायव्हर बोटांवर फेऱ्या मोजत होता.

“चिखल पाच फेऱ्यांचाच होता ना?” तो म्हणाला. “म्हणजे मी वार न करता नुसता बचाव करत बसलो असतो, तर तो वाळला असता. मग मीच आधी.”

“हो.”

“मला थांबता आलं असतं.”

“हो.”

त्याने यंत्र बंद केलं. “त्या दिवशी सिग्नल लाल होता,” तो म्हणाला. आवाज नेहमीचाच होता. “भोंगा चालू होता, जायचा हक्क होता मला. ट्रकवाल्याला ऐकू गेला नाही. दहा सेकंद थांबलो असतो तर तो निघून गेला असता. मागे एक माणूस होता, बाई. छातीत दुखतंय म्हणाला होता. चालत आला होता गाडीपर्यंत. माझ्याशी बोलला, दार जरा जपून लावा म्हणाला.”

बाईंना काहीतरी विचारायचं होतं. शब्द निघाला, अडकला, पुन्हा निघाला. ड्रायव्हरने तो ओढून घेतला नाही. खिडकीबाहेर कुणीतरी मोटार सुरू केली, मागे घेतली, वळवली, नेली. तो बाईंच्या तोंडाकडे बघत बसून राहिला.

“ना... नाव... काय... त्यांचं?”

“माहीत नाही,” तो म्हणाला. “नाव फॉर्मवर असतं. फॉर्म मागे असतो. मी कधीच विचारायचो नाही. वेळ कुठे असायचा?”

बाईंना घाई नव्हती. आयाबाई खुर्च्या न्यायला आली तेव्हा ड्रायव्हर तिला म्हणाला, “जरा दहा मिनिटांनी या.”

पुढच्या रविवारी बहीण आली ती पर्समधून नेलकटर काढतच.

“किती वाढवलीस गं! उद्या टाईप करताना अडकतील.” तिने बाईंचा उजवा हात मांडीवर ओढला, खाली कागद पसरला आणि अंगठ्यापासून सुरुवात केली. “मी चौकशी केली हं. पुढच्या महिन्यात अर्धा दिवस आलीस तरी चालेल म्हणाले. सुरुवातीला तारखांच्या याद्याच देतील तुला, आणि...”

“थांब.”

“काय? पाणी हवंय?”

“थांब,” बाई पुन्हा म्हणाल्या. बहीण थांबली. “मी... परत...”

“परत जाणारच आहेस. तेच तर...”

बाईंनी डावा हात उचलला आणि बहिणीच्या तोंडासमोर धरला. ओठांना लागला नाही, पण लागेल इतका जवळ. बहिणीचे डोळे मोठे झाले. लहानपणीही ताईने तिला कधी असं गप्प केलं नव्हतं.

“मी... परत... टायपिंगला... जाणार... नाही.” मधे दोनदा श्वास घ्यावा लागला. “हात... येणार... नाही. डॉक्टर... पहिल्या... दिवशीच... बोलले.”

शेजारच्या पलंगावर कुणीतरी वर्तमानपत्राचं पान उलटलं. बहिणीने घड्याळाकडे पाहिलं नाही. तिच्या नाकाचा शेंडा लाल झाला. तिच्या मांडीवर तो हात तसाच पडून होता, तीन बोटांची नखं कापलेली, दोन बोटांची वाढलेली.

“मग...” ती खालच्या आवाजात म्हणाली, “मग ही आता राहू देऊ का?”

बाईंनी हाताकडे पाहिलं. उत्तर द्यायला त्यांना वेळ लागला, आणि बहिणीने तो लागू दिला.

“काप.”

बहिणीने मान खाली घातली. बाईंनी डोळे मिटले होते. आधी एक कट्ट आवाज आला, मग थोड्या वेळाने दुसरा. दोन्ही झाली, हे त्यांना त्यावरून कळलं.