बाहुलं कुणाच्या वाट्याला

जाहिराती संपायला दीड मिनिट उरलं असताना सेट सांभाळणाऱ्या लाझारोने टेबलावरचा रोस्का दोन्ही हातांनी धरून अर्धा फिरवला. मुरवलेल्या फळाची हिरवी पट्टी रेबेकासमोर होती, ती डाफ्नेसमोर गेली.

रेबेकाने ते पाहिलं. सतरा वर्षं ती सकाळच्या या कार्यक्रमात बसत होती, आणि दर सहा जानेवारीला, तीन राजांच्या सणाला, रोस्का, कडबोळ्यासारखा हा गोल गोड पाव, तिच्यापुढे यायचा. आत बोटभर प्लास्टिकचं बाहुलं दडवलेलं. ज्याच्या तुकड्यात ते निघेल त्याने दोन फेब्रुवारीला सगळ्यांना तमाले, मक्याच्या पिठाचे वाफवलेले उंडे, खाऊ घालायचे. घरोघरी हे नशिबावर सोडतात. स्टुडिओत नशिबावर काही सोडत नाहीत. बाहुलं हिरव्या पट्टीखाली असतं आणि पट्टी रेबेकासमोर, कारण दोन तारखेला कॅमेऱ्यासमोर तमाले वाढायचे ते तिनेच.

"लाझारो, पट्टी इकडे होती."

"वरून सांगितलंय. यंदा तिकडे." तो टेबलावरच्या कापडाची नसलेली सुरकुती काढू लागला.

"म्हणजे दोन तारखेला मी नाही."

"मला काय विचारतेस, रेबे? मी पाव फिरवणारा माणूस."

करार डिसेंबरातच संपला होता. निर्माता त्रेविन्यो 'सण होऊ दे, मग बोलू' म्हणून टोलवत राहिला होता, आणि आज तरी तो हो की नाही सांगेल या आशेने ती आली होती. उत्तर पावानेच दिलं. तिला संताप यायला हवा होता. आला तो नुसता शीण.

एकोणिसाव्या वर्षी तिच्या एका गाण्याने अख्खं मोंतेरे शहर खुळं केलं होतं. तिशी ओलांडताच घशात गाठी आल्या. गाता आवाज गेला, हसू तेवढं राहिलं, आणि टीव्हीला हसूच हवं होतं. तेव्हापासून त्या गाण्याच्या जुन्या टेपवर वर्षातून दोनदा ओठ हलवायचे. बाकीचे दिवस चरबी उतरवणारे काढे, घटस्फोट घेतलेले नट आणि कुणाच्या तरी हरवलेल्या कुत्र्यासाठी डोळ्यांत पाणी.

लाझारोने बोटं मिटत मिटत आकडे मोजले. कॅमेऱ्यावरचा दिवा लाल झाला.

"मोंतेरे, सुरी चालवायची का?" डाफ्ने ओरडली. नवी निवेदिका, सव्वीस वर्षांची पोर. दोन महिन्यांपूर्वी आली होती आणि अजून आरशात स्वतःकडे बघून दचकायची.

तिने हिरव्या पट्टीवर सुरी टेकवली. तुकडा कापला गेला, आणि पावाच्या कडेतून बाहुल्याचा इवलासा पांढरा पाय बाहेर आला. डाफ्नेने तो पाहिला. मग तिने रेबेकाकडे पाहिलं, आणि तिचे कान लालबुंद झाले. तिला सगळं ठाऊक होतं तर. तिने तुकडा उचलला आणि रेबेकाच्या बशीत ठेवला.

"आधी तुम्ही, बाई. तुमच्याआधी मी घेणं बरं नाही दिसत."

"रेबे, हात लावू नकोस," त्रेविन्यो कानातल्या यंत्रात कुजबुजला. "तिचं आहे ते. परत दे."

ते बाहुलं काढून वर धरलं असतं, तर साऱ्या शहरादेखत दोन तारीख तिची झाली असती. मग तिला काढायची कुणाची छाती झाली असती? महिनाभर तरी नाही. पण म्हणजे महिनाभर पुन्हा पहाटे साडेतीनला उठायचं, सुजलेल्या डोळ्यांवर बर्फ धरायचा, आणि शेवटी तेच ऐकायचं. भांडायला तिच्यात त्राण नव्हतं. मुकाट्याने परत देण्याइतका मोठेपणाही नव्हता.

तिने तुकडा तोंडात टाकला आणि बाहुलं गालात सरकवलं. तमाले चुकवायला चिक्कू लोक हेच करतात. तिचे वडील तर दरवर्षी करायचे.

"माझ्यात काही नाही," ती घास चावत म्हणाली.

डाफ्नेने कापलं, पाहुण्या आचाऱ्याने कापलं. बाहुलं कुठेच नाही. वेळ भरायला कुणीतरी प्रेक्षकाचा फोन जोडला.

"मी शेजारच्या ग्वादालुपेहून दोन्या एउलालिया," म्हातारीचा खणखणीत आवाज स्टुडिओत घुमला. "रेबेका, लबाडी करतेस होय गं? गाल बघ तुझा! आमचे हे चाळीस वर्षं असंच करायचे. काढ बाहेर!"

आचारी खो खो हसला. लाझारोने तोंडावर हात धरला. आणि रेबेकालाही हसू फुटलं, आतून, कुणी खूण न करता. तिने बाहुलं तळहातावर काढलं. डाव्या कॅमेऱ्याने ते जवळून दाखवलं.

"सापडली चोर!" म्हातारी म्हणाली. "मग दोन तारखेला तमाले तुझ्याकडे. यायचं ना स्टुडिओत?"

डाफ्ने बशीकडे बघत राहिली.

"स्टुडिओत नको, दोन्या एउलालिया," रेबेका म्हणाली. "माझ्या घरीच या. त्या दिवशी मी घरी आहे."

"बरं, घरी येते. पहाटेच येऊ का मदतीला? पीठ मळायला?"

"पहाटे नको," रेबेका म्हणाली. "दहानंतर या. तोवर मी झोपलेली असेन."