आपण खेळलो

“चप्पल काढ,” नवरा म्हणाला. “फळी वाजते.”

मी चप्पल काढून कोपऱ्यात सरकवली आणि सेटच्या मागच्या बोळकांडीत स्टुलावर बसले. समोर छोटा मॉनिटर, मांडीवर कंट्रोलर. भिंत प्लायवूडची. पलीकडून निळा रंग आणि कार्यक्रमाचं नाव, माझ्या बाजूला खिळ्यांची टोकं. लोक येऊन बसायला लागले होते, खुर्च्या सरकल्याचे आवाज येत होते.

“अजून वेळ आहे,” मी म्हटलं. “पोट बिघडलंय म्हणून सांग.”

“अगं, थेट प्रक्षेपण आहे. पोट बिघडून कसं चालेल?”

“आणि बोलता बोलता तुझे हात वर गेले तर?”

“नाही जाणार.”

“तुझे हात आपल्या लग्नातसुद्धा गप्प नव्हते.”

तो हसला. त्याच्या हातातला कंट्रोलर नुसता शोभेचा होता, आतले सेल मीच काढले होते. खेळणार होते मी, आणि लोकांना वाटणार होतं तो खेळतोय. हे आजचं नव्हतं. आमचा सगळा संसारच असा चालला होता.

माझा नवरा टीव्हीवर व्हिडिओ गेमचा कार्यक्रम करायचा. दर शनिवारी दुपारी अर्धा तास. सुरुवातीला वाहिनीकडे तो अर्धा तास रिकामा होता आणि हा खेळांच्या बातम्यांत धावसंख्या वाचायचा. साहेब म्हणाले, काहीतरी कर, पण खर्च नको. याने घरचं गेमचं यंत्र पिशवीत घालून आणलं. तेव्हाचे गेम सपाट असायचे. माणूस डावीकडून उजवीकडे पळायचा आणि खड्ड्यात पडायचा. तो स्वतः खेळायचा, आणि बरा खेळायचा.

मग गेममधलं जग सपाट राहिलं नाही, त्याला खोली आली. कॅमेरा गरकन वळायला लागला आणि याचं डोकं त्याच्याबरोबर. पहिल्यांदा झालं तेव्हा तो चित्रीकरण टाकून बेसिनकडे धावला. मी तेव्हा शेजारी संकलनाच्या खोलीत कामाला होते, आमचं लग्न व्हायचं होतं. भाग तर जायलाच हवा होता. मी बसले आणि उरलेला खेळ खेळून दिला. त्याने भिंतीकडे तोंड करून नुसता आवाज दिला. शनिवारी भाग गेला, कोणाला पत्ता लागला नाही. मग पुढचा शनिवार आला, आणि शनिवार काही थांबत नाहीत.

डॉक्टर झाले, गोळ्या झाल्या, चष्मा बदलून झाला. चक्कर काही गेली नाही. पण म्हणून तो नुसता पोपट होता असं कोणी समजू नये. तसं कोणी म्हटलं की मला फार राग येतो. मी खेळत असताना हा पडद्याकडे पाठ करून बसायचा आणि पोलिसासारखा जबाब घ्यायचा.

“उडी कशी आहे?”

“बरी आहे.”

“बरी म्हणजे काय? भाजी बरी असते. जड आहे? हलकी?”

“बटण दाबलं की जरा विचार करून उठतो.”

“हां. असं बोल.”

आणि शनिवारी तो लोकांना सांगायचा, “याचा नायक उडी मारण्याआधी विचार करतो, आणि नेमका तेवढ्यात आपला घात होतो.” माझ्या अंगठ्यात जे असायचं ते मला असं कधी मांडता आलं नसतं. गेम बनवणाऱ्या बड्या मंडळींच्या मुलाखती घ्यायचा तर तिथेही तेच. एकाला त्याने विचारलं, “तुमच्या गावात सतत पाऊस पडतो, मग एकाही माणसाकडे छत्री कशी नाही?” तो बिचारा कॅमेऱ्यासमोरच म्हणाला, हे आम्हाला सुचलंच नाही.

सासूबाईंना यातलं काहीच पटलं नव्हतं. “मुलगा दिवसभर बोलतो, सून दिवसभर खेळते,” त्या शेजारणीला सांगायच्या, “कामाला घरातलं कोणी जात नाही.”

खोटं बोलायला त्याला जमायचं नाही, म्हणून त्याने एक शब्द धरून ठेवला होता. तो कधीही ‘मी खेळलो’ म्हणायचा नाही. ‘आपण’ म्हणायचा. आपण इथून उडी घेतली, आपण पडलो, आपण परत आलो. बघणाऱ्यांना वाटायचं, आपल्यालाही सोबत घेतलंय. त्यांना ते फार आवडायचं. रस्त्यात भेटणारे लोकही त्याच्याशी तसंच बोलायचे, “काय, या शनिवारी आपण काय खेळणार?” घरी मी चिडवायचे, “तुझ्या ‘आपण’मध्ये मी किती?” तो म्हणायचा, “तू सगळी. मी नुसता त्यातला अनुस्वार.” त्यात अनुस्वारच नाही, हे मी त्याला दरवेळी सांगायचे.

मला नाव नको होतं का? हवं होतं. उगाच मोठेपणा कशाला करू? एखादी अवघड जागा पार केली आणि लोकांनी त्याला रस्त्यात थांबवून शाबासकी दिली की मी पिशवी घेऊन शेजारी उभी असायचे आणि पोटात दुखायचं. पण हे बाहेर पडलं तर कार्यक्रम बंद, आणि त्याने उभं केलेलं सगळं एका दिवसात पाण्यात, हे आम्हा दोघांना ठाऊक होतं. वाहिनीत फक्त निर्मातीबाईंना माहीत होतं, आणि त्यांच्या तोंडाला कुलूप होतं.

असं सगळं सुरळीत चाललेलं असताना नवे साहेब आले. कार्यक्रमाचं विसावं वर्ष होतं. ते म्हणाले, प्रेक्षक बोलवा, थेट दाखवा, सरांना सगळ्यांसमोर खेळू दे. नाही म्हणायचं तर कारण द्यावं लागलं असतं. तर कारण न देता आम्ही हे प्लायवूडमागचं सोंग ठरवलं.

दिवे लागले. टाळ्या झाल्या. गेम होता एका बुटक्याचा, घड्याळं दुरुस्त करणाऱ्याचा. उंच मनोऱ्यावर चढायचं आणि वरचं बंद घड्याळ सुरू करायचं. कॅमेरा त्याच्याभोवती नुसता गरगर फिरतो. नवऱ्याची नजर पडद्याच्या कडेवर होती, हे मला मॉनिटरवर दिसत होतं. ती त्याची नेहमीची युक्ती.

त्याच्या बोलण्यावर खेळायची मला इतकी सवय झाली होती की वेगळं काही करावंच लागलं नाही. विनोद करण्याआधी तो श्वास आत घेतो. त्या श्वासाला मी बुटक्याला थांबवायचे. “आता बघा हं” म्हणाला की धाव. तो म्हणाला, “इथे आपण घाई केली तर गेलो,” आणि मी घाई करून पडले, लोक हसले. ठरल्याशिवाय मी पडत नसे. भीती गेली होती. मला मजाच येत होती, खरं सांगायचं तर.

मग प्रेक्षकांत एक चष्मेवाला तरुण उभा राहिला. “सर, वरच्या काट्यावरची उडी आम्हाला कोणालाच जमत नाही. ती कशी मारता?”

घड्याळाचा मोठा काटा गोल फिरतो, बुटका त्याच्यावर पळतो, आणि काटा आडवा व्हायच्या जरा आधी झेप घ्यायची. मी काट्यावर चढलेच होते. आणि नवरा खुलला. कोणी मनापासून काही विचारलं की तो खुलतोच. “असं बघा,” तो म्हणाला, “हा काटा इकडून येतो...” त्याने कंट्रोलर मांडीवर ठेवला, डावा हात काटा केला आणि उजव्या हाताची दोन बोटं त्याच्यावरून चालवायला लागला.

मॉनिटरवर एकीकडे त्याचे दोन्ही हात हवेत, दुसरीकडे बुटका पळतोय.

मी अंगठा उचलला. बुटका काट्यावर थांबला, काटा फिरला, आणि बुटका घरंगळत मनोऱ्यावरून खाली गेला.

लोक खो खो हसले. निर्मातीबाई अंधारातून अंगठा वर करून मला शाबासकी देत होत्या. कोणाच्या काही लक्षात आलं नव्हतं. बोलण्याच्या नादात सर पडले, एवढंच सगळ्यांना वाटलं. मी श्वास सोडला.

चष्मेवाला हसत म्हणाला, “म्हणजे सर, तुम्हालाही नाहीच जमत.”

“छे छे,” नवरा म्हणाला. “ही उडी तिची कधीच चुकत नाही.”

“तिची?” चष्मेवाल्याने विचारलं. “कोणाची?”

इतकी वर्षं ‘आपण’ सांभाळलं, आणि माझ्या खेळाला कोणी नावं ठेवली म्हणून एका वाक्यात घसरला. अजून वेळ होता. ‘त्या बुटक्याच्या बायकोची’ म्हणाला असता तरी लोक हसले असते. मी प्लायवूडमागून मनात ओरडत होते, म्हण काहीतरी, अरे, म्हण. तो मांडीवरच्या कंट्रोलरकडे बघत बसला. मग तो उचलून त्याने समोरच्या टेबलावर ठेवला.

“माझ्या बायकोची,” तो म्हणाला. “खेळते ती. मला चक्कर येते, मी बरीच वर्षं खेळलेलोच नाही. आता ती पडली ती मला सांभाळायला. बाहेर ये गं.”

मी अनवाणीच बाहेर गेले. दिव्यांनी डोळे दिपले. टाळ्या वगैरे काही नाही. मागून कोणीतरी म्हणालं, “म्हणजे इतकी वर्षं येडं बनवलं?” नवरा उठला आणि त्याने त्याची खुर्ची मला दिली. मी बसले. बोलायला मला येत नाही, म्हणून मी खेळले. पहिल्या मजल्यापासून पुन्हा चढले, काट्यावर गेले, उडी मारली, घड्याळ सुरू केलं. ते वाजायला लागलं तेव्हा निम्म्या खुर्च्या रिकाम्या होत्या. चष्मेवाला मात्र तसाच उभा होता.

घराघरांत माझा हा खेळ दिसलाच नाही, हे मागाहून कळलं. नव्या साहेबांनी ‘चक्कर येते’च्या पुढे साबणाची जाहिरात लावली होती.

कार्यक्रम बंद झाला. लोकांनी काय काय लिहिलं ते मी सांगत नाही. फसवे, ढोंगी, आणि त्याहून वाईट. सासूबाई जेवताना म्हणाल्या, “म्हणजे आमचा मुलगा काहीच करत नव्हता होय?” मी ताट सरकवून उठले. त्यांना माझं ते उठणं अजून आठवत असेल. तो मला म्हणाला, “बस गं, आमटी गार होईल.”

“तू सांगायला नको होतंस,” मी त्याला पुढे कितीदा तरी म्हटलं.

“तुला पडलेलं मला बघवलं नाही.”

“बुटका पडला, मी नाही.”

“तेच ते,” तो म्हणायचा आणि विषय संपवायचा.

आता त्याचा आवाज एका मोठ्या दुकानात ऐकू येतो. कुठल्या मजल्यावर चादरी आणि कुठल्या मजल्यावर भांडी, ते सांगतो. रस्त्यात त्याला कोणी थांबवत नाही. त्याला याचं वाईट वाटतं, आणि तो ते लपवत नाही. शनिवारी दुपारी तो उगाच कपाटं आवरत बसतो.

मला एका गेम बनवणाऱ्या कंपनीने बोलावलं. काम म्हणजे, गेम बाजारात जायच्या आधी खेळायचा आणि कुठे भिंतीतून पाय जातो, कुठे उडी अडकते ते सांगायचं. सांगताना मी अडखळते. मग घरी येऊन याच्याशी बोलते, तो पाठ करून बसतो, विचारतो, “अडकते म्हणजे कशी अडकते?” आणि दुसऱ्या दिवशी मला नीट सांगता येतं.

आमचा पहिला गेम आला तेव्हा मी तो घरी आणून शेवटपर्यंत खेळले. तो पाठ करून बटाटे सोलत होता. गेम संपला, संगीत सुरू झालं, काळ्या पडद्यावर पांढरी नावं वर सरकायला लागली.

“बंद करते,” मी म्हटलं. “बटण दाबलं की जातात.”

“थांब.”

तो वळला. सपाट अक्षरं, सरळ वर जाणारी, ती त्याला बघवतात. सुरी खाली ठेवून त्याने चष्मा पुसला आणि मोठ्याने वाचायला लागला, त्याच्या शनिवारच्या आवाजात. चित्रं काढणारे, संगीतवाले, भाषांतर करणारे, हिशेब बघणारे, उपाहारगृहातली माणसं, सगळी. अवघड नाव आलं तर दोनदा म्हणून बघायचा. सासूबाई आतून आल्या आणि दारात उभ्या राहिल्या. नावं फार होती. मध्ये त्याचा घसा बसला तेव्हा सासूबाईंनीच पाणी आणून दिलं.

मग चाचणी करणाऱ्यांची नावं सुरू झाली. माझं नाव आलं. आवाज न चढवता, आधीच्या सगळ्यांसारखंच, त्याने ते नीट वाचलं आणि पुढचं नाव घेतलं.