बांगडीचा एक ठोका

श्रावणी सोमवारी आंघोळीपासून दुपारच्या नैवेद्यापर्यंत मी मौन धरीत असे. कुणी काही विचारलं तर बांगडी भांड्यावर वाजवायची. एकदा म्हणजे हो, दोनदा म्हणजे नाही. आमची मृणाली लहानपणापासून हे सगळं ओळखायची. हे म्हणायचे, "या घरात एक बोलतच न्हाय, नि दुसरी दोन भाषांत बोलते. मी बोलू कधी?"

टेमघरात आमच्या घरामागं कापडाच्या लूमचे कारखाने. तिथल्या उत्तरेकडच्या बायकांत खेळून मृणालीनं हिंदी उचलली. सातवीत शाळेच्या नाटकात तिनं म्हातारी केली, तेव्हा हे पहिल्या रांगेत रडले आणि डोळ्यात धूळ गेली म्हणाले. पुढं कॉलेजच्या एकांकिका झाल्या, मग एका मराठी मालिकेत धाकट्या जावेचं काम. हिंदीवाल्यांना मात्र तिचा चेहरा नको होता, आवाज हवा होता. तशी ती डबिंगमध्ये गेली. पडद्यावर ओठ दुसरीचे हलायचे. हे धामणकर नाक्यावर चहा पिता पिता अनोळखी माणसालाही सांगायचे, "आवाज आमच्या पोरीचा हाय."

दोन हजार आठच्या श्रावणात यांच्या छातीत पाणी झालं. दवाखान्यातून घरी आणून चार दिवस झाले होते. सोमवारी सकाळी नऊला मृणालीचा फोन आला. मी नुसताच कानाला लावला, तेव्हा तिला वार आठवला.

"आई, आज सिनेमाचं शेवटचं काम आहे. ते उरकून संध्याकाळी आले तर चालेल?"

हे कॉटवर शांत पडले होते. झोप लागली असेल असं मला वाटलं. रात्रभर धाप होती, दोनदा तिचं नाव घेतलं होतं. एवढं सगळं बांगडीनं कसं सांगणार? बोलले तर व्रत मोडणार, आणि व्रत तर यांच्यासाठीच होतं. मी फोनवर बांगडी एकदा वाजवली.

अकराला यांनी डोळे उघडले. "पोर आली?"

"येतेय," मी म्हणाले. बोलूनच गेले.

बाराच्या आत हे गेले. मोडायचंच होतं, तर दोन तास आधी मोडलं असतं.

वर्षभरानं शेजारच्या कमळानं टीव्ही बघायला बोलावलं. सिनेमात एक मुलगी झोपाळ्यावर बसून हसत होती, हसू मृणालीचं होतं. त्या दिवशीचं काम ते हेच. मनासारखं होईना म्हणून ते हसू तिच्याकडून सहा वेळा करून घेतलं होतं, असं मृणालीनंच मला कधीतरी सांगितलं होतं. कमळाही त्या मुलीबरोबर हसली. मी हात पदराखाली घेतले. त्यांत आता बांगड्या नव्हत्या.

ते व्रत मी पुन्हा धरलं नाही. बाकीची चालू आहेत. श्रावणी सोमवारी मी सकाळपासून फोन जवळ घेऊन बसते. मौन सोडल्याचं मृणालीला सांगायला मला अजून धीर झालेला नाही. ती बारा वाजून गेल्यावरच फोन करते.