सातवा दाणा

आमच्या घरात लेकीला गोष्ट सांगायचा मान माझा होता. माहेरच्या पितळी तांब्यासारखा. त्याला दुसऱ्या कुणी हात लावायचा नाही. झुंबर चार वर्षांची. दुपारची जेवणं उरकली की मी तिच्या मुठीत जोंधळ्याचे सात दाणे द्यायचे, बाया कहाणी ऐकताना धरतात तसे. गोष्ट संपली की ती ते माझ्या तळहातावर परत ठेवायची. मोजत कोण होतं?

मग पोळ्यानंतर माझ्या धाकट्या जावेनं, शरयूनं, गोष्टनाक्यावरून एक गोष्ट सोडवून आणली.

गोष्टनाका म्हणजे भोकरदनच्या बाजारामागची दोन खोल्यांची निजामी कचेरी, दारावर उर्दू पाटी. करोडगिरीच्या नाक्यावर मालाची तपासणी होते तशी इथं गोष्टींची. आपल्या भोकरदनसारखीच आणखीही भोकरदनं आहेत. तिथं एखादीच बाब निराळी घडली आणि पुढचं सगळं निराळं होत गेलं. तिकडच्या गोष्टी इकडे येतात, इकडच्या तिकडे जातात. नियम मात्र कडक. एक आणायची तर एक द्यायची, आणि दिलेली पुन्हा आपल्या घरात सांगायची नाही.

शरयूला मूलबाळ नाही. "काकू, मुंगीची!" म्हणत झुंबर दाणे घेऊन तिच्याकडे पळायला लागली. मुंगीच्या मागं मागं जात तिचं घर शोधणाऱ्या एका पोरीची ती गोष्ट होती. मी भांडी घासत कान तिकडेच ठेवायचे.

"माझी ऐक की गं. कोल्ह्याची," मी एकदा म्हणाले.

"तुझा कोल्हा रोज तेच करून राह्यला, माय."

शरयू हसली. मला ते हसू भाकरीतल्या खड्यासारखं लागलं.

एका दुपारी मी शेवटपर्यंत ऐकलं. "मंग ती पोरगी दमली," शरयू सांगत होती, "आईच्या कुशीत शिरली, अन् आईचा कान दोन बोटांत धरून झोपली."

राखेचा हात तसाच राहिला. कान धरून झोपायची खोड माझ्या झुंबरची. अंगावर पीत होती तेव्हापासूनची, आणि फक्त माझाच कान. दुसऱ्या भोकरदनात हे कुणाला ठाऊक असणार?

"माझ्या लेकीची खोड नाक्यावर देऊन आलीस व्हय गं?"

"जाऊबाई, देवाशप्पथ न्हाई! जशी आली तशी सांगून राह्यले."

"मंग तिकडं कळलं कसं? मुंगी सांगायला गेल्ती?"

तिचे डोळे भरले. मला बरं वाटलं.

दुसऱ्या दिवशी मी तक्रारीचा अर्ज घेऊन नाक्यावर गेले. शरयूलाही बोलावणं गेलं. ती दाराशी उभी राहिली. नाक्याचे मुन्शी जगन्नाथराव, पानानं ओठ रंगलेले, म्हणाले, "उषाबाई, तक्रार बराबर निघाली तर गोष्ट जप्त होईल. ज्यानं ऐकली त्याच्या डोक्यातून बिलकुल साफ. पोरीच्याबी."

"होऊ द्या साफ."

"जल्दी करू नका. आधी पाठवणाऱ्याचं नाव बघू. तक्रारीशिवाय ही मोहर फुटत न्हाई."

त्यांनी लाख फोडली, चिठ्ठी वाचली आणि माझ्याकडे सरकवली. अक्षर माझं होतं. वर लिहिलं होतं, उषाबाई मुकुंद, भोकरदन. खाली एवढंच:

"माझी झुंबर दहाव्या महिन्यात तापात गेली. घरात मी एकटीच बाईमाणूस. तीन दिवस जागले, चौथ्या पहाटे डोळा लागला. तुमच्याकडे ती असेल तर आता चार वर्षांची असेल. तिला ही गोष्ट सांगा. माझ्यासाठी बदल्यात गोष्ट नको. ऐकताना ती काय करते, काय बोलते, तेवढं लिहून पाठवा."

तो ताप आमच्याकडेही आला होता. चौथ्या पहाटे माझाही डोळा लागला होता. जाग आली तेव्हा महिन्याभराची नवी नवरी शरयू झुंबरच्या कपाळावर ओली पट्टी बदलत बसलेली होती.

"ह्या बाईनं काही मागितलं न्हाई," मुन्शी म्हणाले, "पण नियम तो नियम. शरयूबाईंनी बदल्यात त्यांच्या आईनं सांगितलेली गोष्ट दिलीय. आता त्यांना ती सांगता यायची न्हाई."

मी दाराकडे बघितलं. शरयू पदराचं टोक बोटाला गुंडाळत होती. हे तिनं घरात कधी बोलून दाखवलं नव्हतं.

खरं सांगते, तरीही मला मत्सरच वाटला. त्या उषेची गोष्ट माझ्या कोल्ह्यापेक्षा सरस होती. तिला लिहायला सबंध दुपारी मिळत होत्या. त्या का मिळत होत्या हे लक्षात आलं, आणि मी जीभ चावली.

"जप्ती मांडू का?"

"राहू द्या. मला कागद द्या."

झुंबर निजली की मी लिहायचे. चार ओळी, कधी दोनच. ती विचारते, मुंगीला सासर असतं का. मुंगी हरवते तिथं ती श्वास रोखून धरते. गोष्ट तिला काकूच सांगते, हेही लिहिलं. ते लिहायला दोन दुपारी गेल्या. माझ्या कानाचंही लिहिलं.

लिहायचं म्हणून मी नीट बघायला लागले, आणि तेव्हाच दिसलं. मुंगी घरी पोचली की झुंबर काकूच्या हातावर सातही दाणे ठेवते. निजवताना सांगितलेल्या माझ्या कोल्ह्यानंतर मात्र सहाच. सातवा बोटांच्या बेचक्यात लपवून कूस बदलते.

"दाणे सहाच कसे गं?"

"सात दिले की संपती ना गोष्ट," डोळे मिटूनच ती म्हणाली आणि माझा कान शोधू लागली.

कागद घेऊन नाक्यावर गेले. मुन्शींनी मोहर तापवली.

"सगळं लिहिलं ना, बाई? मागून भर घालता येणार न्हाई."

कान धरायचं त्या उषेला दिलं होतं. सातवा दाणा लिहिला नव्हता.

"सगळं लिहिलं," मी म्हणाले.